५० लाखांचं गृहकर्ज नेमकं कितीला पडतं?

घर घ्यायला निघालेल्या माणसाला बँकेत, बिल्डरच्या ऑफिसात आणि नातेवाइकांकडेही एकच प्रश्न ऐकू येतो: "हप्ता किती बसेल?" पगारात हप्ता बसला की कर्ज परवडलं असं समजून पुढच्या सह्या सुरू होतात. मीही तेच केलं. २०२१ मध्ये कर्ज घेतलं, तेव्हा व्याजदर खाली होते. पुढची दोन वर्षं हप्ता एका रुपयानेही बदलला नाही, म्हणून मी निश्चिंत होतो. मग एकदा टॅक्ससाठी स्टेटमेंट काढलं, तर शिल्लक हप्त्यांच्या रकान्यात कर्ज घेताना होते त्याहून जास्त महिने! चोवीस हप्ते वेळेवर भरले होते आणि कर्ज संपण्याची तारीख पुढे सरकली होती. मला कुणी सांगितलं नव्हतं आणि मीही कधी विचारलं नव्हतं.

पहिल्यांदा कर्ज घेणाऱ्या कुणावर ही वेळ येऊ नये म्हणून हे लिहितोय. वही आणि मोबाइलचा कॅल्क्युलेटर घेऊन बसा. उदाहरण एकच ठेवू: पिंपरी-चिंचवडमध्ये बांधकाम सुरू असलेला ६२ लाख ५० हजारांचा फ्लॅट, त्यावर ५० लाखांचं कर्ज, व्याज ८.५ टक्के, मुदत २० वर्षं. तुमचे आकडे वेगळे असतील, रीत हीच.

पायरी १: कर्जाआधी खिशातून जाणारे पैसे

रिझर्व्ह बँकेच्या नियमानुसार ३० लाखांपर्यंतच्या कर्जात घराच्या किमतीच्या ९० टक्क्यांपर्यंत, ३० ते ७५ लाखांच्या कर्जात ८० टक्क्यांपर्यंत आणि त्यावरच्या कर्जात ७५ टक्क्यांपर्यंतच रक्कम मिळू शकते. म्हणजे आपल्या फ्लॅटवर जास्तीत जास्त ५० लाख. उरलेले साडेबारा लाख जमवले की झालं, असं बहुतेकांना वाटतं. इथेच पहिली चूक होते, कारण मुद्रांक शुल्क आणि नोंदणी फी या किमतीत धरली जात नाही. ती तुमच्याच खिशातून जाते.

पुणे आणि पिंपरी-चिंचवड महापालिका हद्दीत मुद्रांक शुल्क सगळे अधिभार धरून ७ टक्के आहे, मुंबईत ६ टक्के. ते कराराची किंमत आणि सरकारी रेडी रेकनरचा दर (सरकारने त्या भागासाठी ठरवलेला भाव) यांतल्या मोठ्या आकड्यावर लागतं. आपल्या फ्लॅटवर ते ४,३७,५०० रुपये होतं. नोंदणी फी १ टक्का, पण कमाल ३०,००० रुपये. बांधकाम चालू असल्याने जीएसटी ५ टक्के, म्हणजे ३,१२,५०० रुपये. बेरीज ७ लाख ८० हजार. साडेबारा लाख जमवून निघालेल्या माणसाला प्रत्यक्षात २० लाख ३० हजार लागतात, आणि यात अजून फर्निचरचा एक खिळाही नाही.

दोन ठिकाणी पैसे वाचू शकतात. घर फक्त स्त्रीच्या नावावर घेतलं तर महाराष्ट्रात मुद्रांक शुल्कात १ टक्का सवलत आहे. इथे ती ६२,५०० रुपये होते. आणि भोगवटा प्रमाणपत्र, म्हणजे ओसी, मिळालेला तयार फ्लॅट घेतला तर जीएसटी लागत नाही. मात्र तयार फ्लॅटचा भाव बहुधा चढा असतो, तेव्हा दोन्हींची बेरीज करूनच ठरवा.

हे वरचे आठ लाख अपुरे पडले की लोक पर्सनल लोन काढतात किंवा सोनं गहाण ठेवतात. पर्सनल लोनचं व्याज गृहकर्जापेक्षा बरंच जास्त असतं आणि मुदत कमी, म्हणून त्याचा हप्ता जड असतो. माझं स्पष्ट मत आहे की ही रक्कम हातात नसेल तर घर सहा महिने किंवा वर्षभर पुढे ढकलावं.

पायरी २: हप्ता कुठे जातो ते बघा

५० लाख, ८.५ टक्के, २० वर्षं: हप्ता ४३,३९१ रुपये. याला २४० ने गुणा. १ कोटी ४ लाख १४ हजारांच्या आसपास रक्कम येते. ५० लाख मुद्दल, ५४ लाख व्याज. पहिल्यांदा हा गुणाकार केला की पोटात गोळा येतो, पण तो करायलाच हवा.

त्याहून महत्त्वाचं म्हणजे हे व्याज वीस वर्षांत सारखं पसरलेलं नसतं. एका महिन्याचं व्याज काढायची रीत सोपी आहे: शिल्लक मुद्दल गुणिले व्याजदर, भागिले १,२००. पहिल्या महिन्यात ५० लाख गुणिले ८.५ भागिले १,२००, म्हणजे ३५,४१७ रुपये. ४३,३९१ मधून ते वजा करा. मुद्दल फिटलं फक्त ७,९७४ रुपये. पुढच्या महिन्यात शिल्लक तेवढीच कमी, व्याज किंचित कमी, मुद्दल किंचित जास्त. असे बारा महिने हाताने लिहून काढा. एक्सेलमध्ये पाच मिनिटांत होतं हे खरं, पण हाताने लिहिलेलं लक्षात राहतं.

पाच वर्षांनी काय दिसतं? तुम्ही २६ लाख रुपये भरलेले असता आणि कर्ज ५० लाखांवरून ४४ लाखांवर आलेलं असतं. हप्त्यातला मुद्दलाचा भाग व्याजापेक्षा मोठा व्हायला १४३ वा महिना उजाडतो, म्हणजे बारावं वर्ष संपत आलेलं असतं. कर्ज निम्म्यावर यायला जवळजवळ चौदा वर्षं लागतात.

यात बँकेची लबाडी नाही. शिल्लक मुद्दल जास्त असतं तेव्हा व्याज जास्त, हा साधा हिशेब आहे. पण त्यावरून एक गोष्ट कळते: पाच-सात वर्षांत घर विकून मोठं घर घ्यायचा विचार असेल तर "इतके हप्ते भरले, निम्मं कर्ज फिटलं असेल" या भरवशावर राहू नका.

पायरी ३: मुदत ठरवा, हप्ता त्यातून येऊ द्या

हप्ता जड वाटला की समोरचा अधिकारी लगेच म्हणतो, "सर, मुदत तीस वर्षं करू." ऐकायला फार बरं वाटतं. त्याच ५० लाखांचा आणि त्याच ८.५ टक्क्यांचा हिशेब बघा.

१५ वर्षं: हप्ता ४९,२३७, एकूण व्याज ३८ लाख ६३ हजार.
२० वर्षं: हप्ता ४३,३९१, एकूण व्याज ५४ लाख १४ हजार.
२५ वर्षं: हप्ता ४०,२६१, एकूण व्याज ७० लाख ७८ हजार.
३० वर्षं: हप्ता ३८,४४६, एकूण व्याज ८८ लाख ४० हजार.

वीसवरून तीस वर्षांवर गेल्याने हप्ता ४,९४५ रुपयांनी उतरला आणि व्याज ३४ लाखांनी चढलं. पंचवीसवरून तीसवर जाताना तर हप्ता जेमतेम १,८०० रुपयांनी कमी होतो आणि त्यापायी साडेसतरा लाख जास्त जातात. मुदत जितकी लांबवाल तितका हप्त्यातला दिलासा आटत जातो.

म्हणून आधी स्वतःचं वय लिहा. निवृत्ती साठाव्या वर्षी असेल आणि आज तुम्ही ३८ चे असाल, तर २२ वर्षांपेक्षा जास्त मुदत कागदावरही आणू नका. मग त्या मुदतीत झेपणाऱ्या हप्त्यावर किती कर्ज बसतं ते काढा. घराचं बजेट त्या आकड्यातून ठरतं. आपण बरोबर उलटं करतो: आधी सॅम्पल फ्लॅट बघून येतो आणि मग मुदत ताणून बजेट बसवतो.

पायरी ४: व्याजदर बदलतो तेव्हा

ही पायरी सावकाश वाचा. बहुतेकांचे लाखो रुपये इथेच, कळायच्या आत जातात.

आपल्याकडची बहुतेक गृहकर्जं फ्लोटिंग, म्हणजे बदलत्या व्याजाची असतात. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना नवीन फ्लोटिंग गृहकर्ज बाहेरच्या एखाद्या दराशी जोडावं लागतं, आणि बहुतेकांनी रिझर्व्ह बँकेचा रेपो दर, म्हणजे ती बँकांना ज्या व्याजाने पैसे देते तो दर, धरला आहे. रेपो अधिक बँकेचा स्प्रेड (रेपोवर बँक लावते ते जादा टक्के) मिळून तुमचा दर, आणि तो तीन महिन्यांतून किमान एकदा नव्याने ठरतो. हा नियम बँकांना आहे. हाउसिंग फायनान्स कंपन्या स्वतःच्या अंतर्गत दरावर कर्ज देऊ शकतात, आणि तो दर कधी व किती हलवायचा हे तीच कंपनी ठरवते. कर्ज कुठून घेताय, हे सही करण्याआधी नीट बघा.

मे २०२२ च्या सुरुवातीला रेपो ४ टक्के होता. फेब्रुवारी २०२३ पर्यंत तो ६.५ वर गेला. वर्षही पुरं झालं नव्हतं आणि अडीच टक्के वाढ! समजा कुणी त्याआधी ७ टक्क्यांनी ५० लाख २० वर्षांसाठी घेतले होते. हप्ता ३८,७६५. दोन वर्षांनी शिल्लक साधारण ४७ लाख ५४ हजार. आता दर झाला ९.५. महिन्याचं व्याज ३७,६३३ रुपये. हप्ता तोच ठेवला तर मुद्दलात जातात जेमतेम अकराशे रुपये, आणि कर्ज फिटायला अजून ४४८ महिने लागतात. सदतीस वर्षं! एवढी मुदत बँक देत नाही, कुठेतरी थांबून हप्ता वाढवते. पण तोवर हप्ता तोच आणि मुदत लांब, हाच मार्ग सर्रास वापरला गेला, कारण हप्ता बदलला नाही की ग्राहक फोन करत नाही.

ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने यावर नियम आणले. दर वाढल्यावर हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे निवडायचा हक्क कर्जदाराला आहे. दर तिमाहीला मिळणाऱ्या स्टेटमेंटमध्ये आजवर किती मुद्दल आणि किती व्याज वसूल झालं, हप्ता किती आणि हप्ते किती उरले हे दिसलं पाहिजे. हे स्टेटमेंट ईमेलवर येतं आणि जाहिरातींच्या गर्दीत न उघडता राहतं. ते उघडा. उरलेल्या हप्त्यांचा आकडा दर तीन महिन्यांनी वहीत लिहा. मागच्या आकड्यापेक्षा तो तीनने कमी व्हायला हवा. झाला नसेल तर त्याच आठवड्यात शाखेत जा आणि लेखी अर्ज द्या: मुदत पूर्वीचीच ठेवून हप्ता वाढवावा.

दर उतरतात तेव्हाही हीच वही कामाला येते. २०२५ मध्ये रेपो ६.५ वरून टप्प्याटप्प्याने ५.२५ वर आला. अशा वेळी हप्ता कमी करून घ्यायचा मोह होतो. आपल्या मूळ उदाहरणात दर ८.५ ऐवजी ८ असता तर हप्ता ४१,८२२ बसला असता आणि २० वर्षांत ३ लाख ७७ हजार वाचले असते. पण हप्ता ४३,३९१ च ठेवला असता तर कर्ज २२० महिन्यांत फिटून साडेआठ लाखांहून जास्त वाचले असते. दर उतरला की हप्त्याला हात लावू नका, महिने कमी करून घ्या.

आणखी एक. बँका नव्या ग्राहकाला कमी स्प्रेड देतात आणि जुना ग्राहक जुन्याच स्प्रेडवर राहतो. वर्षातून एकदा स्वतःच्या बँकेचा नव्या ग्राहकांसाठीचा दर बघा. तुमच्या दरात आणि त्यात पाव टक्क्याहून जास्त फरक दिसला तर दर बदलून मागा. थोडी फी लागते, पण कर्ज मोठं आणि मुदत लांब असेल तर ती लवकर वसूल होते. दाद मिळाली नाही तर दुसऱ्या बँकेत कर्ज हलवायचा मार्ग मोकळा आहेच.

पायरी ५: मंजुरीच्या कागदातली बारीक कलमं

१ ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक नव्या रिटेल, म्हणजे गृहकर्जासारख्या वैयक्तिक कर्जासोबत 'की फॅक्ट स्टेटमेंट', म्हणजे कर्जाच्या मुख्य माहितीचं पत्रक, देणं बंधनकारक आहे. त्यात व्याजाबरोबर प्रोसेसिंग फी, कायदेशीर तपासणी, मूल्यांकन, विमा असे खर्च धरून काढलेला वार्षिक दर असतो, त्याला एपीआर म्हणतात. दोन बँकांची तुलना करताना जाहिरातीतला दर बाजूला ठेवून हे दोन एपीआर शेजारी ठेवा. हे पत्रक तुम्हाला समजेल त्या भाषेत मिळायला हवं, म्हणून मराठीत मागायला संकोच करू नका. विचार करायला किमान तीन कामकाजाचे दिवस मिळतात. "आजच सही करा, ऑफर संपतेय" म्हणणाऱ्याला हे सांगा.

विम्याकडे खास लक्ष द्या. कर्जासोबत एकरकमी प्रीमियमची पॉलिसी गळ्यात मारली जाते आणि "वेगळे पैसे नकोत, कर्जातच टाकतो" असं गोड बोलून सांगितलं जातं. दीड लाखाचा प्रीमियम कर्जात टाकला तर त्यावरही २० वर्षं ८.५ टक्के व्याज चालतं आणि तो ३ लाख १२ हजारांना पडतो. कमावत्या माणसाच्या मागे कर्जाचं ओझं राहू नये म्हणून विमा हवाच, पण स्वतंत्र टर्म प्लॅन, म्हणजे मृत्यू झाला तरच पैसे देणारा साधा विमा, घ्या. वयाच्या तिशीत तो बराच स्वस्त पडतो आणि बँक बदलली तरी चालू राहतो.

बांधकाम चालू असलेल्या घरात प्री-ईएमआयचा खर्च वेगळा. बँक बिल्डरला टप्प्याटप्प्याने पैसे देते आणि ताबा मिळेपर्यंत दिलेल्या रकमेवर फक्त व्याज घेते. मुद्दल एक रुपयाही फिटत नाही आणि राहत्या घराचं भाडंही चालूच. ३० लाख उचलले असतील तर महिन्याला २१,२५० रुपये असे जातात. ताबा वर्षभर लांबला तर अडीच लाख! म्हणून महारेराच्या (बांधकाम प्रकल्पांवर देखरेख ठेवणाऱ्या राज्याच्या प्राधिकरणाच्या) संकेतस्थळावर प्रकल्पाची पूर्णत्वाची तारीख आणि ती आधी किती वेळा वाढवली आहे हे बघितल्याशिवाय बुकिंगचा चेक देऊ नका. आणि नोंदणीकृत करार होण्याआधी बिल्डरला १० टक्क्यांहून जास्त रक्कम मागता येत नाही, हेही ध्यानात असू द्या.

पायरी ६: घर स्वतःच मागतं ते पैसे

मेंटेनन्स महिना ३,५०० धरला आणि तो कधीच वाढला नाही असं मानलं, तरी २० वर्षांत ८ लाख ४० हजार होतात. मिळकतकर वेगळा. सोसायटीच्या आदर्श उपविधींनुसार सिंकिंग फंड (पुढच्या मोठ्या कामांसाठी साठवायचा निधी) बांधकाम खर्चाच्या वर्षाला पाव टक्का आणि दुरुस्ती निधी पाऊण टक्का. पंधरा वर्षांनी लिफ्ट बदलणं, वॉटरप्रूफिंग, रंग. भाडेकरू असताना यातलं बरंच आपल्याला दिसतच नाही, म्हणून "भाडं भरण्यापेक्षा हप्ता बरा" ही तुलना अपुरी पडते. भाड्यासमोर हप्ता अधिक मेंटेनन्स अधिक कर, असं मांडून बघा.

कराच्या सवलतीबद्दल थोडक्यात. राहत्या घराच्या व्याजावरची २ लाखांपर्यंतची वजावट आणि मुद्दलावरची सवलत जुन्या करपद्धतीत मिळते. नव्या पद्धतीत राहत्या घराला ती नाही, आणि तुम्ही काही निवडलं नाही तर नवी पद्धतच लागू होते. "टॅक्स वाचतो" म्हणून कर्ज मोठं घेऊ नका. जुन्या पद्धतीतही ३० टक्क्यांच्या टप्प्यात दोन लाखांच्या व्याजावर साठ हजारांच्या आसपासच वाचतात, आणि पहिल्या वर्षी आपण सव्वाचार लाखांच्या आसपास व्याज भरतो.

पायरी ७: लवकर फेडायचं कसं

फ्लोटिंग दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर मुदतपूर्व फेडीसाठी दंड घेता येत नाही. बोनस आला, एफडी मोडली, की भरून टाका.

वर्षातून एक हप्ता जास्त भरला, म्हणजे बारा ऐवजी तेरा, तर आपलं २० वर्षांचं कर्ज पावणेसतरा वर्षांत संपतं आणि सुमारे १० लाख वाचतात. पगारवाढीबरोबर हप्ता दरवर्षी ५ टक्क्यांनी वाढवला तर कर्ज सव्वाबारा वर्षांत संपतं आणि साडेएकोणीस लाख वाचतात. शेवटी शेवटी हप्ता ७८ हजारांच्या आसपास जातो, हे मात्र आधीच समजून घ्या. पगार तसा वाढला नाही तर वाढ थांबवता येते. आणि जास्तीची रक्कम भरताना "मुदत कमी करावी" असं लेखी द्या, नाहीतर काही ठिकाणी हप्ताच कमी करून दिला जातो.

पण सगळी शिल्लक कर्जात ओतू नका. सहा महिन्यांचे हप्ते आणि घरखर्च बाजूला असल्याशिवाय एक रुपयाही जादा भरू नये, असं मी ठामपणे सांगेन. नोकरी गेली तर आधी जादा भरलंय म्हणून बँक पुढचा हप्ता सोडत नाही.

५४ लाख व्याजाच्या त्या आकड्याने धसका घेतला असेल तर एक दुसरी बाजूही बघा. महागाई वर्षाला ५ टक्के धरली तर वीस वर्षांनंतरच्या ४३,३९१ रुपयांची किंमत आजच्या सव्वासोळा-साडेसोळा हजारांएवढी असेल. शेवटचे हप्ते पहिल्या हप्त्यांपेक्षा पुष्कळ हलके वाटतात. म्हणून मी कर्ज घेऊच नका असं म्हणत नाही. पहिली सात-आठ वर्षं सर्वांत महाग असतात. जादा पैसे भरायचे तर तेव्हाच.

कर्ज फिटल्यावर

शेवटचा हप्ता गेला की ना-हरकत पत्र मागा. सगळे मूळ दस्त बँकेने ३० दिवसांत परत द्यायला हवेत. तिच्या चुकीने उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई द्यावी लागते. कर्ज घेताना दिलेल्या दस्तांच्या यादीशी परत आलेला एकेक कागद ताडून बघा: करारनामा, इंडेक्स टू (दस्त नोंदणीचा सरकारी उतारा), पावत्या, आणि घर जुनं असेल तर आधीच्या मालकांच्या करारांची साखळी. सेरसाई या तारणांच्या केंद्रीय नोंदवहीतली तारणाची नोंद बंद झाली का आणि दुय्यम निबंधकाकडचा बोजा उतरला का, हेही त्याच महिन्यात बघून घ्या. घर विकायला काढल्यावर ही राहिलेली नोंद सापडली तर घेणाऱ्याचं कर्ज अडतं आणि तोवर आपली शाखा, अधिकारी, कधीकधी बँकेचं नावही बदललेलं असतं. महिनाभराने सिबिल रिपोर्ट काढा आणि त्यात कर्जासमोर "बंद" लिहिलंय का ते बघा.